अलास्काला न गेलेला आठवडा

अमेरिकेहून परत आल्यापासून आमच्या कॉलनीतल्या बायका मला एकच विचारतात, "मग, अलास्का कसं होतं?" त्यात त्यांची काही चूक नाही. जाण्याआधी मीच गावभर सांगून ठेवलं होतं. नाशिकच्या ज्या शाळेत मी जन्मभर भूगोल शिकवला, तिथल्या शिक्षकखोलीत मुद्दाम जाऊन सांगून आले होते की आता खरीखुरी हिमनदी बघून येते. फळ्यावर खडूनं काढलेल्या हिमनद्यांची तर गणतीच नाही, पण बर्फ म्हणाल तर उसाच्या रसातला. तेव्हा आता एकदाच काय ते लिहून टाकते. मी अलास्काला गेले नाही. माझा मुलगा गेला, सून गेली, नात गेली, आणि मी सिअ‍ॅटलच्या धक्क्यावर राहिले. त्या आठवड्यात मी जे पाहिलं ते कुठल्या ट्रॅव्हल कंपनीच्या जाहिरातीत येत नाही, म्हणून हा प्रपंच.

धक्का

निखिल, माझा एकुलता एक मुलगा, सिअ‍ॅटलजवळ बॉथेल नावाच्या गावात राहतो. तो सॉफ्टवेअरमध्ये, सून प्राजक्ता औषधांच्या एका प्रयोगशाळेत. नात ईशा आठ वर्षांची. तिला मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र बहुतेक इंग्रजीत येतं. मी २००७ च्या मे महिन्यात त्यांच्याकडे गेले. माझे यजमान जाऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती. निखिल आदल्याच वर्षी अमेरिकेचा नागरिक झाला होता, त्यामुळे त्याला आता आईला कायमचं बोलावून घेता येत होतं. कागदपत्रं तयार होती. नाशिकच्या फ्लॅटला गिऱ्हाईकसुद्धा होतं. अडलं होतं ते माझ्या एका होकारापाशी.

"आपण क्रूझवर निवांत बोलू, आई," निखिल म्हणाला. "घाई नाही. परत येईपर्यंत ठरव."

जून संपत आला होता. एका शनिवारी दुपारी आम्ही चौघं बॅगा ओढत बंदरावर पोचलो. आपल्याकडे एखाद्या गावात जेवढे लोक राहतात तेवढे एका जहाजात बसतात. धक्क्यावरून बघितलं तर ते जहाज वाटतच नव्हतं, समुद्राकाठी कुणी दहा मजली सोसायटी बांधल्यासारखं वाटत होतं. ईशानं माझा हात धरून ठेवला होता. आमची दोघींची खोली एक होती आणि खिडकीजवळ कोण झोपणार यावर आमचं आठवडाभर भांडण चाललं होतं.

बंदरावरच्या तपासणीच्या खिडकीपाशी बसलेल्या मुलीनं चौघांचे पासपोर्ट घेतले. तिघांचे निळे, माझाही निळाच. रंगावरून कुणाच्या लक्षात येणार? तिनं माझा उघडला, पानं उलटली, पुन्हा पहिल्यापासून उलटली आणि हसत विचारलं, "आणि कॅनडाचा व्हिसा?"

"आम्ही अलास्काला चाललोय," निखिल म्हणाला. "अलास्का अमेरिकेतच आहे."

"हो, पण शेवटच्या संध्याकाळी जहाज व्हिक्टोरियाला थांबतं. ते कॅनडात आहे."

"ती जहाजावरून उतरणारच नाही."

"तरीही लागतो, सर. आय अ‍ॅम सो सॉरी."

नंतर समजलं की ह्या परदेशी जहाजांना अमेरिकेतून निघून अमेरिकेतच परत यायचं असेल तर मध्ये एखाद्या परक्या बंदराला टेकावंच लागतं, असा कायदा आहे. हळदीकुंकवाला आपण नुसतं टेकून येतो ना, तसं हे जहाज कॅनडाला टेकून येतं. त्या तिघांना व्हिसा लागत नव्हता म्हणून निखिलनं ती ओळ वाचली आणि सोडून दिली. एवढा हुशार मुलगा, बॅगेत माझ्या गोळ्यासुद्धा वेळेप्रमाणे लावून घेतलेल्या. पण आपण ज्या देशाचे झालो त्या देशाची आपली आई नाही, हे त्याच्या ध्यानातच आलं नाही.

बाजूला उभे राहून आमची चर्चा सुरू झाली. मागे रांग वाढत होती. ईशा रडायला लागली. निखिल म्हणाला, "आपण सगळेच कॅन्सल करतो."

मी म्हटलं, "छे रे! वेडा आहेस का? तुम्ही जा. मी घरी राहीन."

आता हे इथं नीट सांगायला हवं. आपल्याकडे पहिलं 'नको' हे नको नसतंच मुळी. जिलबी वाढायला आली की आपण पानावर हात आडवा धरतो, वाढणारा हात बाजूला सारतो, आपण पुन्हा नको म्हणतो आणि मग ती पानात पडते. पाहुणा 'निघतो' म्हणतो तेव्हा चहाचं आधण ठेवायचं असतं. हे कुणी कुणाला शिकवत नाही. मी 'तुम्ही जा' म्हटलं, आणि मनातल्या मनात निखिलच्या पुढच्या वाक्याची वाट बघत उभी राहिले.

निखिलनं माझ्याकडे पाहिलं. "आर यू शुअर, आई?"

"हो."

"ओके," तो म्हणाला आणि त्यानं खिशातून फोन काढला.

बस, एवढंच झालं. समीर म्हणून त्याचा नागपूरचा मित्र बॉथेलला राहतो, त्याला त्यानं फोन केला. समीर येईपर्यंत ते तिघं माझ्याजवळ थांबले, मला दहा सूचना दिल्या, घराची किल्ली दिली. मग ईशाला ओढत ओढत आत नेलं. मी हसून हात हलवला. हसू चेहऱ्यावर बराच वेळ राहिलं असावं, कारण समीर आला तेव्हा म्हणाला, "वा काकू, तुम्ही तर एकदम मजेत दिसता!"

बॉथेल

त्या घरात एकटीनं राहणं म्हणजे काय, ते तिकडे राहिलेल्यांनाच कळेल. घर सुंदर आहे. मागे उंचच उंच सुरूसारखी झाडं, पुढे हिरवळ, आत पाय रुततील असा गालिचा. पण दिवसभर माणसाचा आवाज नाही. भांडीवाली नाही, भाजीवाला नाही, वरच्या मजल्यावर कुणी खलबत्ता कुटत नाही. समोरच्या घराचं गॅरेजचं दार उघडतं, गाडी आत जाते, दार बंद होतं. आत माणूस होता एवढं आपण मानून चालायचं. रविवारी मी खिचडी केली, ती सोमवारीही खाल्ली. फ्रीज मध्येच घरघरायचा, तेवढीच सोबत.

समीर वाटेत म्हणाला होता, "एकट्या काय करून राहणार तुम्ही घरी? आमच्याकडे या न."

मी म्हटलं, "नको रे, कशाला तुम्हाला त्रास."

"ओके काकू. काही लागलं तर फोन करजा."

नागपूरचा मुलगा! त्याच्या आईनं मला हाताला धरून नेलं असतं.

सोमवारी संध्याकाळी जहाजावरून निखिलचा फोन आला. मध्येच आवाज तुटत होता. "आई, उद्या ग्लेशियर! तू काय करतेयस? बोअर नाही ना होत?" मी म्हटलं, अजिबात नाही. "ग्रेट!" म्हणाला. फोन ठेवल्यावर मी पर्स आवरायला घेतली, दुसरं काही आवरायचं उरलंच नव्हतं. तिच्यात धक्क्यावरच्या टेबलावरून उचललेलं एक रंगीत पत्रक सापडलं. जहाजाच्या आधी किंवा नंतर काही दिवस सिअ‍ॅटलमध्ये थांबणाऱ्या लोकांसाठी सहली होत्या. लहान गाडी, सात-आठच माणसं, आणि ठिकाणं अशी की जिथं मोठ्या बसा जात नाहीत. सकाळी धक्क्यावरून न्यायचं, संध्याकाळी धक्क्यावर सोडायचं.

जहाज नाही तर नाही, धक्का तर माझा होता! समीरचं ऑफिस सिअ‍ॅटलमध्येच आहे. त्याला फोन केला. "उद्यापासून मला सकाळी बंदरावर सोडशील का रे?" तो म्हणाला, "शुअर काकू." इथं एक बरं आहे, मागितलं की मिळतं.

रॉझलिन

गाडी चालवणारा आणि माहिती सांगणारा एकच, ग्लेन. वय माझ्याएवढं, पोट सुटलेलं, टोपी कधी न काढणारा. बाकी पाच माणसं होती. माझ्या शेजारी मार्था नावाच्या बाई बसल्या. टेक्सासहून एकट्या आल्या होत्या, नवरा दोन वर्षांपूर्वी गेला होता आणि शुक्रवारच्या जहाजानं त्या अलास्काला निघाल्या होत्या. त्यांनी ही सगळी माहिती पहिला सिग्नल लागायच्या आत सांगितली. मी फक्त म्हटलं की माझाही गेला. मग आम्ही दोघी खिडकीबाहेर बघत बसलो.

पूर्वेकडे डोंगर चढून घाट ओलांडला आणि सगळंच बदललं. अलीकडे ओली, शेवाळलेली, गच्च झाडी. पलीकडे कोरडी हवा, विरळ पाइन, सोनेरी गवत. शाळेत मी पर्जन्यछायेचा प्रदेश शिकवताना वाई आणि महाबळेश्वरचं उदाहरण द्यायचे. इथं तेच, फक्त इंग्रजीतून. मी खूश होऊन ते मार्थाबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "यू डोन्ट से!" त्याचा अर्थ 'बोलू नका' असा नसतो हे मला ईशानं आधीच शिकवलं होतं, म्हणून मी बोलत राहिले.

रॉझलिन हे कोळशाच्या खाणीचं जुनं गाव. खाणी केव्हाच बंद पडल्या. एक रस्ता, लाकडी दर्शनी भागांची दुकानं, आणि दुपारी बाकावर बसलेला एक कुत्रा. पण ग्लेननं आम्हाला गावात फार थांबू दिलं नाही. त्यानं नेलं ते टेकडीवरच्या स्मशानात.

एक नाही, दोन डझन दफनभूम्या आहेत तिथं, एकीला लागून एक. खाणीत कामाला देशोदेशीची माणसं आली. क्रोएशियाची, लिथुएनियाची, पोलंडची, इटलीची. आयुष्यभर खाली अंधारात एकत्र राबली, पण मेल्यावर प्रत्येकानं आपापलं कुंपण घातलं. पाइनच्या झाडांखाली वेगवेगळ्या भाषांतले दगड उभे आहेत. पायाखाली सुयांसारखी वाळकी पानं, त्यामुळे आपल्याच चालण्याचा आवाज येत नाही.

इटलीवाल्यांच्या भागात दगडांवर लंबगोल फोटो बसवलेले होते, चिनीमातीवर छापलेले. एका फोटोपाशी मी थबकले. डोक्यावरून काळा रुमाल घेतलेली म्हातारी, तोंड घट्ट मिटलेलं. खाली बरंच काही लिहिलं होतं. त्यातला मला एकच शब्द लागला, 'माम्मा'.

ग्लेन मागून आला. म्हणाला, "मुलं आधी यायची. जम बसला की आयांना बोलावून घ्यायची."

"ही परत कधी आपल्या गावी गेली होती का?" मी विचारलं.

"आय हॅव नो आयडिया, मॅम."

त्याला कशाला माहीत असणार? मी त्या म्हातारीकडे बघत राहिले. तिला मुलानं बोलावलं तेव्हा तीही एकदा नको म्हणाली असेल का? फोटोतला चेहरा तरी काही सांगत नव्हता. आपल्यात दगड नसतो, फोटो नसतो, आपण नदीला मिळून जातो. तरी ती कुठली नदी, हा प्रश्न उरतोच. माझ्या यजमानांना आम्ही गोदावरीत सोडलं होतं.

जेवायला गावातल्या बागेतल्या बाकांवर बसलो. मी मेथीचे पराठे नेले होते. रीत म्हणून मार्थाबाईंपुढे डबा धरला. त्यांनी "ओ, लव्हली!" म्हणून सरळ एक उचलला. ना 'कशाला', ना 'राहू दे, तुम्हाला कमी पडतील'. मी बघतच राहिले. मग त्यांनी आपला डबा उघडला. पिवळसर तांबूस, टपोऱ्या चेरी. रस्त्यात एका टपरीवर घेतल्या होत्या. असल्या चेरी मी जन्मात बघितल्या नव्हत्या. त्यांनी डबा पुढे केला.

मी म्हटलं, "नो नो, थँक यू."

त्यांनी डबा मिटला आणि पिशवीत ठेवून दिला.

तोंडाला पाणी सुटलेलं, आणि डबा पिशवीत! मला हसू आलं, आणि मग ते आवरेना. मार्थाबाई गोंधळल्या. शेवटी मी त्यांना सगळं सांगितलं. पानावरचा आडवा हात, जिलबी, चहाचं आधण. माझं इंग्रजी शाळामास्तरणीचं, पण त्यांना कळलं. त्यांनी गंभीरपणे डबा काढला. "विल यू हॅव सम?" मी म्हटलं, नो. "प्लीज?" नो नो. "आय इन्सिस्ट!" मी हात पुढे केला आणि आम्ही दोघी पोट धरून हसलो. चेरी साखरेसारखी गोड होती.

मग त्यांनी बिया रुमालात गोळा करता करता विचारलं, "पण मला एक सांग. तू खरंच नको म्हणतेस तेव्हा लोकांना कसं कळतं?"

"घरच्यांना कळतं," मी म्हटलं.

"हाऊ?"

जन्मभर वर्गात प्रश्न विचारले, आणि इतक्या साध्या प्रश्नाला मी गप्प. परतीच्या वाटेवर मार्थाबाई झोपल्या. मी धक्क्यावरचा प्रसंग पुन्हा पुन्हा आठवत होते. निखिलनं मला विचारलं होतं, शुअर का म्हणून. मी हो म्हटलं होतं. कुठल्याही कोर्टात तो निर्दोष सुटला असता. तरी मला रडू येत होतं, ते येत होतंच.

संध्याकाळी धक्क्यावर उतरताना मार्थाबाईंनी मला मिठी मारली. पत्ता वगैरे काही दिला-घेतला नाही. त्यांच्याकडे अशी एका दिवसाची मैत्री पुरी होते. मला ती अर्धवट वाटली.

व्हिडबी बेट

दोन दिवस मी घरीच काढले. ईशाच्या खोलीत जाऊन तिची पुस्तकं नीट लावली. मग तिला ती तशी आवडणार नाहीत म्हणून पुन्हा विस्कटली. शुक्रवारी दुसरी सहल. पुन्हा ग्लेन, माणसं नवी. दोन तरुण जोडपी आणि एक मितभाषी गृहस्थ. कुणीही माझ्याशी वाईट वागलं नाही. हसून गुड मॉर्निंग म्हणाले आणि आपापसात बोलायला लागले.

गाडी सबंधच्या सबंध फेरीबोटीत चढली आणि पलीकडे व्हिडबी बेटावर उतरली. भुरभुर पाऊस होता. जुन्या लाकडी गोदामांचं एक गाव, त्याच्या धक्क्याला शिंपल्यांचा वास. सगळ्यांनी वाडगे भरभरून शिंपले खाल्ले. मी बटाट्याचं सूप मागवलं, त्यातही शिंपले निघाले. बशी हळूच सरकवून ठेवली आणि पाव खाल्ला. ग्लेननं ते पाहिलं असावं. त्यानं स्वतःची 'पाय' नावाच्या गोड पदार्थाची प्लेट माझ्यापुढे ठेवली. ह्या वेळी मी पहिल्याच खेपेला 'थँक यू' म्हटलं. शिकायला वयाचं बंधन नसतं.

गावाबाहेर रस्त्याकडेला ग्लेननं गाडी थांबवली. समोर एक प्रचंड काळसर खडक, दोन मजली घराएवढा, सपाट जमिनीवर एकटाच. अंगावर वेली चढलेल्या, माथ्यावर चक्क झुडपं. शेजारी लोकांची साधी राहती घरं. आजूबाजूला दुसरा एक दगड नाही.

"ज्वालामुखीनं फेकलेला दगड," ग्लेन म्हणाला. "इतक्या लांब! कल्पना करा."

मी गप्प बसणार होते. पाहुण्यानं पाहुण्यासारखं राहावं. पण ज्वालामुखी! माझ्या वर्गात सातवीतल्या पोरानं असं उत्तर दिलं असतं तर मी त्याला नकाशापुढे उभं केलं असतं.

"नाही," मी म्हटलं. माझा वर्गातला आवाज होता तो, मागच्या बाकापर्यंत जाणारा. सगळे वळले. "हा हिमनदीनं आणलाय."

मग काय विचारता! छत्रीच्या टोकानं ओल्या मातीत मी उत्तर-दक्षिण काढली, बर्फाचा पट्टा काढला. हजारो वर्षांपूर्वी उत्तरेकडून, कॅनडाच्या बाजूनं बर्फ कसा सरकत आला, वाटेत डोंगरांचे तुकडे कसे पोटात घेऊन आला, हवा तापली तेव्हा कसा वितळून मागे हटला, सगळं सांगितलं. ग्लेन टोपी मागे सारून ऐकत होता. त्या तरुण मुलींपैकी एक म्हणाली, "म्हणजे बर्फ गेला आणि हा इथंच राहिला?"

"हो. बर्फाला परत जाता आलं. ह्याला नाही." आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "हा कॅनडातून आला, व्हिसा न घेता!"

कुणी हसलं नाही. त्यांना व्हिसा म्हणजे काय हे कुठं माहीत? नाशिकच्या शिक्षकखोलीत ह्यावर चहा सांडला असता. मी एकटीच हसले आणि छत्रीनं चित्र पुसून टाकलं. ग्लेन मात्र म्हणाला, "मॅम, तुम्ही टीचर होतात का?" मी म्हटलं, "टीचर आहे." त्याक्षणी मला खरोखर फार बरं वाटलं, आणि किती दिवसांनी बरं वाटतंय हेही समजलं.

शेवटचा थांबा समुद्रावरच्या एका उंच कड्यावर होता. मागे शेतं, पुढे खाली खडकाळ किनारा आणि पाण्याची रुंद पट्टी. सिअ‍ॅटलहून निघालेली सगळी जहाजं इथूनच बाहेर पडतात. पाऊस थांबला होता. बाकीचे फोटो काढत पुढे गेले आणि मी एकटी गवतात उभी राहिले. तेवढ्यात ते आलं. पांढरंशुभ्र, सावकाश, आवाज न करता. शुक्रवारचं जहाज, म्हणजे मार्थाबाईंचं. मी पर्समधून रुमाल काढला आणि हलवला. तिथून त्यांना मी दिसणं शक्य नव्हतं. तरी जहाज टोकाआड जाईपर्यंत हात दुखेस्तोवर हलवत राहिले.

तिथंच माझं ठरलं. ह्या देशात मला कुणी टाकून बोललं नव्हतं. मुलगा गुणी, सून प्रेमळ, नात तर जीव की प्राण. पण दूध आणायचं तरी मला कुणीतरी न्यायला लागत होतं, आणि माझं कुठलं 'नको' खरं आणि कुठलं खोटं हे ओळखणारं आता त्या घरात कुणी उरलं नव्हतं. नाशिकला शेजारच्या खरेवहिनींना ते भिंतीपलीकडून कळतं. मला परत जायचं होतं. ठरल्यावर हलकं वाटेल असं वाटलं होतं. तसं काही झालं नाही, उलट छातीत दगड ठेवल्यासारखं झालं.

पुन्हा धक्का

शनिवारी सकाळी समीरनं मला बंदरावर सोडलं. निखिलची गाडी तिथंच आठवडाभर उभी होती. गर्दीतून ईशा सुसाट पळत आली आणि कमरेला बिलगली. तिनं माझ्या हातात एक प्लास्टिकची पिशवी दिली. आत सोनेरी कागदातली चॉकलेटं होती.

"आजी, दीज आर युअर्स. रोज नाइटला ते पिलोवर ठेवतात. तुझ्या पिलोवर पण ठेवायचे. आय डिडन्ट ईट इव्हन वन."

रिकाम्या पलंगावरही कुणीतरी रोज माझी उशी नीट करत होतं. मी तिचे केस सारखे केले.

हायवेला लागल्यावर निखिलनं आरशातून माझ्याकडे पाहिलं. "मग आई, काय ठरलं? पेपर्स फाइल करू ना?"

"नको रे. मी ऑक्टोबरात परत जाते. कायमची."

"आर यू शुअर?"

तेच शब्द, तोच आवाज. मी म्हटलं, "निखिल, मागच्या शनिवारी मी 'तुम्ही जा' म्हटलं ते खरं नव्हतं. आजचं 'नको' खरं आहे."

पुढच्या फाट्याला त्यानं गाडी बाहेर काढली आणि एका पेट्रोल पंपाच्या कडेला उभी केली. ईशा मागे झोपली होती.

"म्हणजे आम्ही थांबायला हवं होतं?"

"थांबला असतात तर मीच तुम्हाला ढकलून पाठवलं असतं. पण अजून एकदा विचारायला हवं होतंस."

प्राजक्ता इतका वेळ समोर बघत होती. तशीच समोर बघत म्हणाली, "मला कळलं होतं, आई. तेव्हाच कळलं होतं. पण मला जायचं होतं. चार वर्षांत सुट्टी नव्हती मिळाली. म्हणून मी गप्प बसले." आणि तिच्या डोळ्यांना धार लागली.

तिचा मला राग आला नाही. खरं सांगायचं तर एकदम बरं वाटलं. म्हणजे कुणाला तरी कळलं होतं! मी पुढे वाकून तिच्या खांद्यावर हात ठेवला. निखिल स्टिअरिंगवर डोकं ठेवून बसला होता. मान वर करून म्हणाला, "आई, तुझं खरं आहे ना नको? मग असू दे. पण मला आता आग्रह तरी करू दे."

आणि त्यानं केला. जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर, सलग तीन महिने. पोळी वाढताना, गाडी चालवताना, ऑफिसातून फोन करून. "राहा ना, आई." "आई, पुन्हा विचार कर." "आई, कॅनडाचा व्हिसा काढू, पुढच्या वर्षी ग्लेशियर बघू." मी दर वेळी नको म्हटलं आणि दर वेळी माझं पोट थोडं भरत गेलं. ऑक्टोबरात विमानतळावर, तपासणीच्या रांगेपर्यंत तो माझी बॅग धरून आला. दोरीपलीकडे त्याला येता येत नव्हतं. तिथं थांबून त्यानं शेवटचं विचारलं. त्या वेळी त्याच्या तोंडी इंग्रजी नव्हतं. लहानपणी शाळेच्या दारात माझा पदर धरून जसं म्हणायचा, तसंच म्हणाला, "नको ना जाऊस."

आग्रहानं वाढलेलं पानात टाकून उठू नये, असं आपल्यात म्हणतात. मी उठले.